शेवंतीने न सोडलेली बत्ती

एकोणीसशे एकोणनव्वदच्या मे महिन्यात इब्रामपूरच्या पद्मावतीबायच्या विहिरीचं पाणी असं काही खाली गेलं, की पंप नुसता घरघरायचा आणि नळीतून वारा सुटायचा. विहिरीखाली तिचं कुळागर होतं, पोफळी आणि केळी, आणि वाडीतली सात घरंही त्याच पाण्यावर होती. पंप विहिरीच्या आतल्या भिंतीला काढलेल्या दोन दगडी कठड्यांपैकी वरच्यावर बसवलेला. तो उचलून तीस फुटांवरच्या खालच्या कठड्यावर न्यायचा, एवढंच काम. त्यासाठी पद्मावतीबायने भिकाजीला बोलावलं.

भिकाजी पंपवाला म्हटलं की त्या भागात वेगळी ओळख लागत नसे. पूर्वी तो लोखंडी नळ बसवायचा. प्लॅस्टिकचे राखाडी पाइप आले तसा तो त्यांच्याकडे वळला. गोव्याचं राज्य होऊन तेव्हा दोन वर्षं झाली होती. कोकणी की मराठी यावर साखळीच्या बसमध्ये माणसं अजून हमरीतुमरीवर येत. भिकाजीला दोन्ही बाजूंची गिऱ्हाइकं होती, म्हणून तो मुकाट्याने बाहेर बघत बसे. बायको शेवंती त्याच्यासोबत कामाला जायची. तिचं माहेर दोडामार्गाकडचं. पाइप डोक्यावर घेऊन चढण चढायची, करवत चालवायची, दोरी धरायची. लोक तिला भिकाजीची मदतनीस समजत आणि तीही स्वतःला तेवढंच समजत होती.

पण एका बाबतीत ती नवऱ्याचंही ऐकत नसे. पाइप जोडायचं सोल्युशन आणि पाइप तापवायची रॉकेलची बत्ती ती कधी एका पिशवीत ठेवायची नाही. त्याला कारण होतं. दोन वर्षांपूर्वी साखळीत एका बांधकामावर भिकाजीने सोल्युशनचा डबा उघडा ठेवून चार हात दूर बसून विडी पेटवली होती. काडी ओढली आणि जमिनीवरून काहीतरी निळसर, हलकंसं सरपटत डब्याकडे गेलं. मग भडका. भिकाजीच्या भुवया जळाल्या, एवढ्यावर निभावलं. तो हसण्यावारी न्यायचा. शेवंतीला मात्र ती जमिनीवरून धावलेली आग डोळ्यांसमोरून हलेना. आग डब्यापासून निघाली नव्हती, डब्याकडे गेली होती. म्हणजे डब्यातलं जे उडतं ते दिसत नाही, वर जात नाही, खाली पसरून राहतं, हे तिला त्या दिवशी कळलं. ते तिला कुणी शिकवलं नव्हतं.

पद्मावतीबायच्या विहिरीवर पहिले दोन दिवस पंप खाली उतरवण्यात गेले. तिसऱ्या दिवशी पाइपची अडचण उभी राहिली. दोन्ही कठड्यांच्या मधे विहिरीच्या भिंतीतून काळा कातळ पुढे आला होता. पाइपला त्याला वळसा घालून जायला हवं होतं. साखळीच्या दुकानात मिळायचे ते काटकोनी सांधे. इथे हवा होता जरासा, तिरपा बाक. असा बाक पाइप तापवूनच काढावा लागतो.

भिकाजीने वर अंगणात बत्ती पेटवली, पाइप तापवला आणि नजरेच्या अंदाजाने वाकवला. खाली नेला तर बसेना. दुसरा वाकवला. तो कातळापासून वीतभर लांब राहिला. ऊन डोक्यावर आलं होतं. वाडीतल्या बायका रिकाम्या कळशा ठेवून फणसाखाली बसल्या होत्या. पद्मावतीबाय पुन्हा पुन्हा पोफळींकडे बघत होती, आणि तेच भिकाजीला जास्त लागत होतं.

"हयसून माप मिळाचा नाय," तो म्हणाला. "मी खालीच जागेवर तापवून वाकवतंय."

शेवंतीने मान वर केली. "विहिरीत?"

"मगे खंय?"

पुढे काही बोलायच्या आत तो भिंतीतल्या पायऱ्या-दगडांवरून उतरूही लागला. छातीला दोरी बांधलेली. दोरीचं दुसरं टोक कप्पीवरून सखारामच्या हातात. सखाराम पद्मावतीबायचा बागेतला गडी, पन्नाशीचा, दणकट माणूस. खालच्या कठड्यावर पोचल्यावर भिकाजीने दोरीचा फास अंगातून काढून बाजूला लटकत ठेवला. बांधलेल्या दोरीने त्याला वळता येत नव्हतं. सोल्युशनचा डबा सकाळपासून खालीच होता. त्याने पंपाकडचा सांधा आधी जोडायला घेतला.

थोड्या वेळाने पान्हा दगडावर आपटल्याचा आवाज आला. मग एक शिवी.

"काय झाला?" शेवंतीने वाकून विचारलं.

"कायेक नाय. बत्ती पेटव आणि बालदेतसून खाली सोड."

सखारामने बालदी पुढे ओढली. शेवंतीने बत्ती हातात घेतली आणि तशीच थांबली. विहिरीच्या काठावर वाकताना तिच्या नाकात काहीतरी गेलं. तिखट, गोडसर, डोक्यात चढणारं. एवढ्या वरपर्यंत वास यायचं काही कारण नव्हतं.

"डबो उघडो आसा काय?" ती ओरडली.

खालून नुसता पाइप सरकवल्याचा आवाज आला.

"ऐकतास मां? डबो उघडो आसा काय?"

"सांडलो जरासो," भिकाजी चिडून म्हणाला. "पान्हो लागलो. तू बत्ती सोड."

शेवंतीने बत्ती मागे नेली, थेट गोठ्याच्या पलीकडे, आणि जमिनीवर ठेवली. काडेपेटी कमरेला खोचली. परत येऊन ती काठावर वाकली.

"मी सोडूचंय नाय. तुमी वर येवा."

फणसाखालच्या बायकांनी माना वळवल्या. खालून भिकाजीचा आवाज भिंतींवर आपटत वर आला. त्याने सगळ्यांदेखत तिला काय काय म्हटलं ते इथे सांगण्यात अर्थ नाही. शेवटी तो म्हणाला, "सखारामा, तिका बाजूक कर आणि तू सोड!"

सखाराम घोटाळला. "घोव सांगता तर सोड मगे," तो हळूच म्हणाला. "तेंका कळता तेंचा काम."

"सखारामदादा, खाली सोल्युशन सांडलाहा. ता खालीच बसान आसा, बावडी भरान. बत्ती थय पोचूच्या आदीच पेट घेतला. माणूस ऱ्हवचो नाय."

"शेवंती," पद्मावतीबाय पुढे आली, "तीन दिस झाले गो. पोफळी सुकतत."

"बाय, बत्ती सोडूची तर माका आदी बावडेत ढकला."

हे ती शांतपणे म्हणाली. नवऱ्याला असं उलटून ती आयुष्यात बोलली नव्हती. क्षणभर तिला वाटलंही, की आपलं चुकत असेल तर? साखळीतला तो भडका उघड्यावर झाला होता. कदाचित विहिरीत तसं होत नसेल. कदाचित तो म्हणतो तसं जरासंच सांडलं असेल. घरी गेल्यावर काय होईल तेही तिच्या डोळ्यांपुढून गेलं. पण कमरेची काडेपेटी तिने काढली नाही.

तेवढ्यात भिकाजी खाली हसला.

रागात असताना तो कधी हसत नसे. तो पुन्हा हसला आणि म्हणाला, "शांता, बत्ती आण गो. आये वाट बघता."

शांता म्हणजे त्याची बहीण, लग्न होऊन कुडाळला गेलेली. आई वारून नऊ वर्षं झाली होती.

शेवंती आणखी वाकली. तिने आत पाहिलं. भिकाजी कठड्याच्या अगदी टोकाला बसला होता, पाय खाली सोडून. त्याच्याखाली आठ फुटांवर काळं पाणी. मान एका बाजूला कललेली.

"वास चढलो तेंका," ती म्हणाली. "सखारामदादा, दोरी."

सखाराम पायऱ्या-दगडांकडे धावला. "मी उतरतंय."

"नाय! तुमी उतरलास तर दोगे पडशात. मगे वडतलो कोण?"

हे म्हणताना तिला स्वतःलाच उडी मारावीशी वाटत होती. ती काठावर पोटावर पालथी झाली, डोकं आत घातलं आणि तिने आवाज असा काढला, जसा ती लहान मुलांना नदीतून बाहेर बोलावताना काढायची.

"अहो! हय बघा. माज्याकडे बघा. दोरी खंय आसा?"

"दोरी?"

"तुमच्या उजव्या हाताक. धरा ती."

भिकाजीचा हात हवेत फिरला. दोरी त्याच्या खांद्याला लागत होती आणि त्याला सापडत नव्हती. सखारामने वरून दोरी हलवली. ती भिकाजीच्या तोंडावर आली, तशी त्याने धरली आणि दोन्ही हातांत घेऊन बघत बसला, जणू पहिल्यांदाच दोरी पाहत होता.

"फासात उजवो हात घाला. डोक्यावरसून. हां. आता डावो."

"माका निज येता."

"निजूचा नाय! डावो हात घाला. भिकाजी!"

नवऱ्याचं नाव तिने कधी घेतलं नव्हतं. नाव ऐकून म्हणा, की आवाजाने म्हणा, तो दचकला. डावा हात फासातून गेला. दोरी काखेत बसली की नाही ते वरून नीट दिसत नव्हतं. थांबायला वेळही नव्हता.

"वडा!"

सखाराम, पद्मावतीबाय, शेवंती आणि फणसाखालून धावत आलेल्या दोन बायका, सगळ्यांनी दोरी धरली. कप्पी करकरली. भिकाजीचा खांदा कातळावर घासला आणि तो मधेच अडकला. पाच जणांच्या हातांत त्याचं वजन लटकत राहिलं.

"पाय लावा दगडाक! ढकला!"

एकदा, दोनदा पाय घसरला. तिसऱ्यांदा लागला. तो कातळापासून सुटला आणि हात-हात करत वर आला. काठावर ओढून घेतला तेव्हा त्याचे ओठ पांढरे पडले होते. त्याला फणसाच्या सावलीत वाऱ्याला कुशीवर झोपवलं. तो भडभडून ओकला आणि कितीतरी वेळ डोकं धरून पडून राहिला. अर्ध्या तासाने त्याने पाणी मागितलं आणि शेवंतीला शेवंती म्हणून हाक मारली. तेव्हा कुठे ती खाली बसली. तिच्या तळहातांची साल दोरीने गेली होती.

पण डबा खालीच होता आणि पाणी अजून आलं नव्हतं.

"हवा बरी झाली काय बघूक कंदील सोडूया," सखाराम म्हणाला. विहिरीत उतरायच्या आधी सगळे असंच करतात. दिवा विझला तर हवा वाईट, जळत राहिला तर उतरायला हरकत नाही. पद्मावतीबाय कंदील आणायला वळलीसुद्धा.

"कंदील नको!" शेवंती जवळजवळ किंचाळली. "दिवो विझता ती हवा वेगळी. ही हवा दिवो विझवची नाय, पेट घेतली. वास जाईपर्यंत हय आग दिसता नये. विडी नको, चूल नको. मोटारीच्या स्विचाकसुदीक कोणी हात लावूचो नाय."

मग तिने आंब्याच्या पानांच्या मोठ्या फांद्या दोरीला बांधायला लावल्या. सखाराम आणि बायका आळीपाळीने त्या फांद्या विहिरीत सोडत आणि झपकन वर ओढत. आतली हवा ढवळून वर काढायची. दोन तास हे चाललं. शेवंती मधूनमधून वाकून वास घ्यायची आणि मान हलवायची. वास गेला असं वाटल्यावरही तिने अर्धा तास आणखी फांद्या मारायला लावल्या.

उतरायला ती स्वतः उभी राहिली. भिकाजी फणसाखालून म्हणाला, "जाव नको." ती म्हणाली, "तारेन माप घेवचा आसा." एवढंच दोघांचं बोलणं झालं.

तिने दोरी छातीला दोन वेढे घालून बांधली आणि सखारामला सांगितलं, "मी मोठ्यान मोजत ऱ्हवतंय. मोजणां चुकला, नायतर थांबला, तर काय विचारू नकात. वडून काढा."

एक, दोन, तीन. वरच्या कठड्यापर्यंत काही नाही. कातळापाशी बारीकसा वास आला. ती थांबली, पण मोजणं थांबवलं नाही. वर आता सगळं अंगण तिच्या आकड्यांकडे कान लावून होतं. एकेचाळीस, बेचाळीस. ती खालच्या कठड्यावर उतरली. सांडलेलं सोल्युशन वाळून दगडावर पापडी धरली होती. डब्याचं झाकण तिने घट्ट लावलं आणि डबा बालदीतून वर पाठवला. मग जाड तार काढून पाइपचं तोंड, कातळाचा फुगवटा आणि वरचा सांधा यांच्यावरून ती दाबत दाबत वाकवली. भिकाजीला वरून नजरेने जे साधलं नव्हतं, ते तारेने मिनिटाभरात घेतलं. शहाण्णव, सत्त्याण्णव. ती वर आली तेव्हा एकशे एकसष्ट झाले होते.

आता तापवणं. सहा हात लांबीचा एकच पाइप उरला होता. त्याचे तिने दोन तुकडे केले.

बत्तीला तिने हात लावला नाही. बत्तीची ज्योत एकाच जागी लागते, वरची साल करपते आणि आतला भाग कडकच राहतो. गोठ्यापलीकडे, विहिरीपासून आणि डब्यापासून लांब, वाऱ्याचं तोंड बघून तिने घमेल्यात करवंट्या पेटवल्या. ज्योत बसून नुसते निखारे राहीपर्यंत थांबली. तुकड्यात कोरडी रेती ठासून भरली, म्हणजे वाकवताना पाइप चेपत नाही. रेती तिने आधी तव्यावर भाजून घेतली. ओली रेती पाइपात कोंडली तर वाफ होऊन पाइप फुटतो. दोन्ही तोंडांना फडक्याचे सैल बोळे लावले.

मग पाइप निखाऱ्यांवर वीतभर उंच धरून ती फिरवू लागली. सगळं अंगण बघत होतं. हात भरून आले आणि नकळत पाइप चार बोटं खाली आला. राखाडी रंगावर तपकिरी डाग उठला. नाकाडोळ्यांना झोंबणारा धूर आला. तिने तोंड फिरवलं आणि तुकडा लगेच बाजूला टाकला.

"जरासोच करपलो," पद्मावतीबाय म्हणाली. "चलात नाय?"

"करपलेलो पाइप मेलो, बाय. आज पाणी दितलो, आठ दिसांनी फुटतलो."

एकच तुकडा उरला.

या वेळी तिने सखारामला समोरच्या टोकाशी बसवलं. दोघं एका तालात पाइप फिरवू लागले. वीतभराच्या वर दोन बोटं जास्त. वेळ जात होता. काहीच होत नव्हतं. सखारामला वाटलं, खाली न्यावा. त्याने तिच्याकडे पाहिलं. तिने मान हलवली. मग पाइपची चकाकी मंद झाली. अजून नाही. फिरवत राहा. आणि मग तो मधोमध आपसूक, अगदी हलकासा, खाली झुकला.

"आता!"

जमिनीवर तिने तारेच्या मापाने खुंट्या ठोकून ठेवल्या होत्या. हाताला ओलं गोणपाट गुंडाळून तिने पाइप त्या खुंट्यांमध्ये दाबला. मापापेक्षा केसभर जास्तच वाकवला, कारण निवताना तो थोडा मागे येतो. पद्मावतीबायने स्वतः तुवाल्याने त्यावर पाणी पिळलं. शेवंती पूर्ण निवेपर्यंत हात न काढता दाबून बसली. हात काढला तेव्हा तार पाइपशेजारी ठेवून पाहिली. बाक जुळत होता.

खाली बसवायला पुन्हा तीच गेली. पुन्हा मोजत. पाइप कातळाला बोटभर अंतर ठेवून वळला आणि वरच्या सांध्यात शिरला. सोल्युशन तिने फडक्यावर थोडंथोडंच नेलं होतं. डबा वरच राहिला. संध्याकाळपर्यंत कुणालाही मोटार लावू दिली नाही. उन्हं कलल्यावर पद्मावतीबायने स्विच दाबला. पाइप थरथरला, खोकल्यासारखा आवाज झाला, आणि पाटात गढूळ पाणी पडलं. मग स्वच्छ पाणी आलं. कळशा वाजू लागल्या.

भिकाजी त्यानंतर तीन दिवस तिच्याशी बोलला नाही. चौथ्या दिवशी चहात उंडा पाव बुडवता बुडवता म्हणाला, "पाळी गावाक एक काम इला. पाइप वाकवूचो आसा." मग त्याने विचारलं, "तू येतलंस मां?"

"येतंय. पण तापवतलंय मी."

त्याने मान हलवली. ती होकाराची होती की त्याला उंडा गिळायचा होता, ते शेवंतीला नीट कळलं नाही. पण पाळीला त्याने बत्ती नेलीच नाही. घमेलं घेतलं.

पुढची चौदा वर्षं त्या दोघांनी पेडणे आणि डिचोली तालुक्यांत काम केलं. खाणीवरच्या चाळी, शाळा, कुळागरं, कुठे कुठे. भिकाजी सांधे जोडायचा, शेवंती तापवायची. पाइपचं काम निघालं की लोक "शेवंतीक बोलवा" म्हणू लागले. सुरुवातीला भिकाजीला ते टोचायचं. नंतर तोच गिऱ्हाइकाला सांगायचा, "बाक काढूचो तर तिका विचारा, माका नको." साखळीत नवे पंपवाले आले, त्यातले काही तिच्याकडे बघायला यायचे. ती फार काही शिकवायची नाही. पाइप त्यांच्या हातात द्यायची, आणि तो आपसूक झुकायच्या आधी कुणी वाकवायची घाई केली की निखाऱ्यांवर पाणी ओतून म्हणायची, "परत पेटवा."